तरवडीचा ‘दीनमित्र’

(थळ येथे कार्यकर्त्यांपुढे दिलेल्या व्याख्यानाचा मजकूर)



कादंबरीकार आणि पत्रकार एकाच देहात नांदू लागले म्हणजे काय घडते, याचे जगप्रसिद्ध उदाहरण म्हणून एमिल झोलाकडे बोट दाखविले जाते. खाणकामगारांचे जिणे त्याने १८८५ साली कादंबरीत आणले आणि निरपराध ड्रायफसची बाजू घेऊन १३ जानेवारी १८९८ रोजी वृत्तपत्रातून फ्रान्सच्या सत्ताधाऱ्यांनाच जाब विचारला. परंतु झोलाच्या हाताशी पॅरिस होते, तेथील छापखाने होते, लाखोंचा वाचकवर्ग होता. यांपैकी काहीही नसताना हेच कार्य करणारा एक पुरुष महाराष्ट्रात होऊन गेला. त्याचे नाव मुकुंदराव पाटील.

मुकुंदरावांचा जन्म १८८५ चा. १८७७ साली ‘दीनबंधु’ सुरू करणारे, जोतीराव फुल्यांचे सहकारी कृष्णराव भालेकर हे त्यांचे जन्मदाते. आणि ज्या घरात ते दत्तक गेले, त्या घरचे गणपतराव पाटील हे पहिल्या ‘दीनमित्र’चे चालक. म्हणजे त्यांना वारसा मिळाला तो दोन्ही घरांकडून वृत्तपत्राचाच! बंद पडलेल्या ‘दीनमित्र’चे त्यांनी १९१० साली साप्ताहिक म्हणून पुनरुज्जीवन केले, आणि ते पुढे अहमदनगर जिल्ह्यातील तरवडीसारख्या खेड्यातून चालविले. १९६७ साली देह ठेवीपर्यंत, म्हणजे सत्तावन्न वर्षे, त्यांनी या पत्राची धुरा वाहिली.

सावकाराचे व्याज, कुलकर्ण्याचे दप्तर, लग्नकार्यातील उधळपट्टी, अस्पृश्यता हे त्यांच्या पत्राचे विषय. पण अग्रलेख वाचतो तो साक्षर. जो केवळ ऐकू शकतो, त्याच्यापर्यंत विचार कसा पोचावा? म्हणून ‘कुलकर्णीलीलामृत’ हे काव्य त्यांनी पोथीच्या परिचित घाटात रचले. ज्या ओवीने श्रोत्याला शतकानुशतके नतमस्तक केले, तीच ओवी त्याची मान ताठ करण्यासाठी वापरली गेली! ‘होळीची पोळी’ आणि ‘ढढ्ढाशास्त्री पराने’ या कादंबऱ्यांतून ढोंगाचा समाचार त्यांनी उपहासाने घेतला. वृत्तपत्राने अन्यायाची तारीख नोंदवावी आणि कथेने त्या अन्यायाचा स्वभाव उलगडावा, अशी ही विभागणी होती.

सत्यशोधकांनी परकीय राजवटीविषयी घेतलेली भूमिका सर्वच समाजवाद्यांना मान्य होणारी नाही. ती चिकित्सा अवश्य व्हावी. परंतु राष्ट्रीय म्हणविणाऱ्या पत्रांत कुणब्याच्या दाराचा प्रश्न किती वेळा आला, हा मुकुंदरावांचा सवाल त्या चिकित्सेने खोडला जात नाही.

थळच्या श्रोत्यांना हे परके वाटू नये. याच अलिबाग तालुक्यात चरीच्या कुळांनी खोतीविरुद्ध १९३३ पासून सहा वर्षे जमिनी पडीक ठेवून संप लढविला, आणि तो चालू असतानाच १९३७ साली नारायण नागू पाटलांनी ‘कृषीवल’ काढले. संपाला स्वतःचे पत्र का लागावे? कारण खोताच्या खात्यात फक्त थकबाकी लिहिलेली असते. उपासमार लिहिलेली नसते.

थळ-वायशेतचा खत कारखाना १९८५ मध्ये सुरू झाला. त्यासाठी गेलेल्या जमिनीचा सर्व्हे नंबर, क्षेत्र, मोबदला हे सरकारी दप्तरात सापडेल. ती जमीन कसणाऱ्या घराचे पुढे काय झाले, खांदेरी-उंदेरीच्या पाण्यात जाळे टाकणाऱ्या कोळ्याचे काय झाले, हे त्या दप्तरात शोधूनही सापडणार नाही. ते लिहिण्याचे काम मुंबईच्या बातमीदाराचे नव्हे. ते येथल्या कार्यकर्त्याचे आहे.

मोर्चा निघतो आणि संध्याकाळी पांगतो. त्याची हकीकत कोणी लिहिली नाही, तर प्रतिपक्षाची हकीकत हाच इतिहास ठरतो. तरवडीच्या त्या संपादकाने सत्तावन्न वर्षे हेच होऊ दिले नाही. प्रत्येक शाखेने एक वही घालावी आणि गावाची नोंद आजपासून सुरू करावी. मुकुंदरावांचे याहून उचित स्मारक दुसरे नाही.