आधी दाखला, मग फॉर्म
(मंडळाच्या सर्वसाधारण सभेतील भाषण)



आम्ही बँकेत कारकून. दिवसभर लोकांचे कागद तपासणं हेच आमचं काम. त्यामुळे सरकारी भरतीवर बोला म्हटल्यावर आम्ही कागदांवरच बोलणार.

गुजरातची २०१८ ची लोकरक्षक भरती आठवा. ९,७१३ जागा. २ डिसेंबरला पेपर फुटला, परीक्षा त्याच दिवशी रद्द. जानेवारी २०१९ मध्ये फेरपरीक्षा झाली. निकालात राखीव वर्गातल्या कित्येक मुलींना दिसलं की खुल्या वर्गातल्या निवडलेल्या मुलींपेक्षा जास्त गुण असूनही आपण बाहेर. कारण काय, तर १ ऑगस्ट २०१८ चा सरकारी ठराव. मुली गांधीनगरला धरण्यावर बसल्या. फेब्रुवारी २०२० मध्ये सरकारने जागा वाढवल्या. गुणवत्तेवर आलेली राखीव वर्गातली मुलगी खुल्या जागेवर बसू शकते, असं गुजरात हायकोर्टाने ऑगस्ट २०२० मध्ये सांगितलं आणि त्याच डिसेंबरात सुप्रीम कोर्टानेही. म्हणजे जाहिरातीपासून दोन वर्षं! तोवर जागा रिकामी राहते आणि उमेदवाराचं वय मात्र वाढतं.

तिथे भांडण सरकारच्या कागदाचं होतं. आपल्या मुलांचं भांडण घरच्या कागदापासूनच सुरू होतं.

गुजरातेत बक्षी पंचाचा दाखला हवा तर कुटुंब १ एप्रिल १९७८ च्या आधीपासून इथलं असावं लागतं. अनुसूचित जाती-जमातींसाठी तारीख त्याहून मागची, १९५० ची, राष्ट्रपतींच्या आदेशाची. ३० ऑगस्ट २०१८ रोजी दिल्ली जल बोर्डाच्या खटल्यात सुप्रीम कोर्टाच्या पाच न्यायमूर्तींनी पुन्हा बजावलं, की एका राज्यातला अनुसूचित जातीचा माणूस दुसऱ्या राज्यात गेला तर तिथल्या नोकरीत तो लाभ मागू शकत नाही. महाराष्ट्र म्हणतो तुम्ही सुरतचे, गुजरात म्हणतो तुम्ही खानदेशचे. पोरगं लटकलं मध्येच.

आपण अभिमानाने सांगतो, तीन पिढ्या सुरतेत गेल्या. पण १९७८ च्या आधीचा एक कागद काढा म्हटलं की गप्प. आमच्याच घरची गोष्ट. पुतण्याने फॉर्म भरला, परीक्षा पास झाला, आणि मग मामलतदार कचेरीत विचारणा झाली. आजोबांच्या दाखल्यावर जातीच्या रकान्यात नुसतं 'हिंदू'. जुनं रेशनकार्ड २००६ च्या पुरात गेलेलं. तापीचं पाणी घरात शिरलं तेव्हा आम्ही टीव्ही वर चढवला, ट्रंक खालीच राहिली. शेवटी मराठी शाळेच्या जुन्या रजिस्टरात मोठ्या आत्याचं नाव सापडलं, पण तोवर कागद देण्याची मुदत संपली होती.

एक निकाल मात्र ध्यानात ठेवावा. बिहारचे तुकडे होऊन १५ नोव्हेंबर २००० ला झारखंड झालं. तिथे १९९९ पासून नोकरीत असलेला अनुसूचित जातीचा एक शिक्षक राज्यसेवा परीक्षा पास झाला, पण पत्ता पाटण्याचा म्हणून नेमणूक अडली. ऑगस्ट २०२१ मध्ये सुप्रीम कोर्टाने ती द्यायला लावली. विभागलेल्या राज्यांपैकी कोणत्याही एका राज्यात लाभ घेता येईल, दोन्हीकडे एकाच वेळी नाही, असं कोर्ट म्हणालं. आता बघा, १ मे १९६० पर्यंत सुरत आणि खानदेश एकाच मुंबई राज्यात होते. तो निकाल बिहार-झारखंडाच्या कायद्यावरचा आहे, आपल्याला जसाच्या तसा लागू पडेल असं आम्ही म्हणत नाही, आम्ही वकील नाही. पण १९६० पूर्वी आलेल्या कुटुंबांसाठी हा मुद्दा चांगल्या वकिलापुढे मांडण्यासारखा नक्की आहे. मंडळाने ते करावं. आणि निवडणुकीत मत मागायला येणाऱ्या प्रत्येकाला, मग पक्ष कोणताही असो, विचारावं: जुन्या मराठी कुटुंबांचे दाखले भरतीच्या जाहिरातीआधी निघतील अशी सोय करणार का? हारतुरे नंतर.

तोपर्यंत घरी शोधा. वाडवडिलांचा शाळा सोडल्याचा दाखला, जुनं वेराबिल, भाड्याची पावती, मिलचा पगाराचा कागद, मतदार यादीतलं नाव. नावाचं स्पेलिंग तिन्ही पिढ्यांत जुळतं का तेही बघा, बँकेत आमचा निम्मा वेळ त्यातच जातो.

ज्यांना कागद दाखवायचे आहेत त्यांनी चहानंतर थांबावं. झेरॉक्स आणा. मूळ प्रत कोणाच्याही हातात देऊ नका, आमच्यासुद्धा.