बाजारभाव आणि शाळेची वाट



परदेशी व्यापार खुला झाला, की गरीब घरातील मूल शाळेत जाते की कामाला जुंपले जाते? दोन देशांचा अनुभव या दृष्टीने उद्बोधक आहे.

व्हिएतनामने १९९० च्या दशकात तांदळाच्या निर्यातीवरील निर्बंध टप्प्याटप्प्याने सैल केले. १९९३ ते १९९८ या काळात तेथे तांदळाचा भाव इतर वस्तूंच्या मानाने सुमारे ३० टक्क्यांनी वाढला. भाताला मोल आल्यावर मुले शेतावर अधिक राबतील, असे वाटणे साहजिक होते. घडले उलटे. भात पिकविणाऱ्या कुटुंबांच्या हाती चार पैसे अधिक आले आणि मुलांचे काम घटले.

भारताने १९९१ पासून आयात शुल्क झपाट्याने उतरविले. त्या दशकात ग्रामीण भागात शालेय शिक्षण वाढले, बालमजुरी घटली. परंतु ज्या जिल्ह्यांतील रोजगार संरक्षित उद्योगांवर अधिक विसंबून होता, तेथे ही प्रगती तितकी झाली नाही. दारिद्र्य हटण्याचा वेग तेथे मंद राहिला आणि ओढग्रस्त घराला शाळेचा खर्च जड झाला.

तात्पर्य, मुलाचे भवितव्य व्यापारापेक्षा घरच्या मिळकतीवर ठरते. १ एप्रिल २०१० पासून ६ ते १४ वर्षे वयाच्या मुलांना मोफत शिक्षणाचा कायदेशीर हक्क आहे. तथापि, गावातील उद्योग बसला किंवा पिकाचा भाव कोसळला, की शिक्षकाने हजेरीपट आणि पंचायत सदस्याने त्या घराचा उंबरठा पाहिला पाहिजे. गळती थांबविण्याची वेळ तीच असते.