मुलकी, गैरमुलकी आणि आपली मुले

(सुलतान बाजार येथील सभासद मेळाव्यात झालेल्या भाषणाचा मजकूर)



सरकारी नोकरीचा विषय निघाला की आपल्या घरांतून एक वाक्य हमखास ऐकू येते : "आपण मराठी, आपल्याला इथे कोण घेणार?" हे वाक्य आम्हीही बोललो आहोत. पण राग चुकीच्या जागी काढला जातो आहे. इथली स्थानिक उमेदवाराची अट मातृभाषा विचारत नाही. ती विचारते, शाळा कुठे शिकलात?

पूर्वी ती वेगळे विचारत असे. निजामाच्या १९१९ च्या फर्मानाने मुलकी नियम आले. संस्थानात जन्म, किंवा पंधरा वर्षांचे वास्तव्य आणि परत न जाण्याचे प्रतिज्ञापत्र, म्हणजे मुलकी. पंधरा वर्षे सरकारी नोकरी झालेल्या बापाचे, नोकरीत असताना जन्मलेले मूलही मुलकी. त्या शब्दात मराठी, तेलुगू, कानडी, उर्दू सारे मावत होते. १९५२ च्या सप्टेंबरात गैरमुलकींविरुद्ध चळवळ पेटली, शहरात गोळीबार झाला. पुढे १ नोव्हेंबर १९५६ रोजी मराठवाड्याचे पाच जिल्हे मुंबई राज्यात गेले आणि आपली घरे इथेच राहिली. मुलकी नियमही इथेच राहिले.

मग गाठ पडली राज्यघटनेशी. कलम १६(२) म्हणते, सरकारी नोकरीत जन्मस्थान वा वास्तव्य यावरून भेदभाव नाही. १६(३) एक फट ठेवते : वास्तव्याची अट घालायचीच तर ती संसदेने घालावी, राज्याने नव्हे. संसदेने १९५७ मध्ये कायदा केला. मार्च १९६९ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने त्यातली तेलंगणाची तरतूद रद्द केली. अट साऱ्या राज्यापुरती घालता येते, राज्याच्या एका भागापुरती नाही. १९७२ मध्ये त्याच न्यायालयाने जुने मुलकी नियम अजून जिवंत असल्याचे सांगितले. एका निकालाच्या वेळी तेलंगण पेटलेले, दुसऱ्यानंतर आंध्र. शेवटी सहा कलमी सूत्र, बत्तिसावी घटनादुरुस्ती, कलम ३७१-ड आणि १९७५ चा राष्ट्रपतींचा आदेश आला. मुलकी शब्द गेला, 'स्थानिक उमेदवार' आला. जिल्हा पातळीवर ८० टक्के जागा स्थानिकांना, झोनच्या अराजपत्रित जागांत ७०. पाळले किती, हे १९८५ च्या ६१० क्रमांकाच्या शासन आदेशावरून कळते. जादा भरलेल्या बाहेरच्यांना परत पाठवा, असे सांगावे लागले.

तेलंगण २ जून २०१४ रोजी झाले. २०१८ च्या नव्या आदेशाने सात झोन आणि दोन मल्टी-झोन केले व थेट भरतीत स्थानिकांचा वाटा ९५ टक्क्यांवर नेला. आमच्या मते हे फारच आवळलेले आहे. पण आपल्या दृष्टीने महत्त्वाचे आहे ते पहिली ते सातवीच्या शिक्षणाचे. आपल्यातल्या कितीतरी घरांत मूल मामाकडे नांदेडला किंवा आजीकडे पुण्याला ठेवण्याची रीत आहे. चांगले मराठी होईल म्हणून. हेतू उत्तमच. पण तीच वर्षे इथे मोजली जातात. आमच्या ओळखीच्या एका मुलाची तीन पिढ्या याच गल्लीत गेली, शाळा मात्र बाहेर झाली. आजोबा मुलकी, नातू अस्थानिक! उरलेल्या पाच टक्क्यांत त्याने साऱ्या देशाशी झगडायचे.

रेल्वे, बँका, केंद्र सरकार यांना हा आदेश लागू नाही, तेवढा दरवाजा मोकळा आहे. मुले तिकडेही वळवावीत. मात्र इथल्या भरतीची आशा असेल तर दाखला सोडताना घाई नको. शाळा बंद पडली, नाव बदलले, तर बोनाफाइड मिळवायला काय यातायात होते ते ज्यांनी केले त्यांनाच ठाऊक. मराठी शाळांची पटसंख्या पाहता हे काम पुढे ढकलण्यासारखे नाही.

पहिली ते सातवीचे कागद ज्यांच्याकडे अपुरे आहेत त्यांनी पुढच्या बैठकीला ते घेऊन यावे. दोघे-तिघे वकील मंडळी बसणार आहेत, एकेक पाहून सांगतील.