हजेरी



माझा भाचा आमच्याकडे शिकायला आहे. शनिवारी रात्री तो टीव्हीवर इंग्लंडचं फुटबॉल बघतो. मी शेजारी बसून कवितेच्या ओळी खोडत असतो. एकदा सहज विचारलं, "का रे, या लोकांत लीगचे सगळ्यांत जास्त सामने कोण खेळलं?" तो पटकन म्हणाला, "मामू, पीटर शिल्टन. १००५." शिल्टनचं नाव मलाही ठाऊक होतं. १९८६ च्या विश्वचषकात मॅराडोनानं हातानं चेंडू ढकलला, तो याच गोलरक्षकावर मात करून. मी विचारलं, "आणि त्याच्या खालोखाल?" भाच्याला सांगता येईना. शोधलं तेव्हा नाव निघालं टोनी फोर्ड. ९३१ सामने.

गोलरक्षक वगळला, तर मैदानभर धावणाऱ्या खेळाडूंपैकी इतके सामने इंग्लंडच्या लीगमध्ये दुसरं कुणीही खेळलेलं नाही. आणि त्या ९३१ पैकी एकही सामना सर्वांत वरच्या वर्गातला नाही! भाच्याच्या टीव्हीवर हा माणूस दिसणार तरी कसा?

तिथं लीगच्या चार पायऱ्या आहेत. आपण बघतो ती वरची. खालच्या तीन पायऱ्यांवरही भरपूर खेळ चालतो. एका हंगामात एकेका संघाचे ४६ सामने. म्हणजे एकही सामना न चुकवता खेळलं, तरी ९३१ व्हायला वीस हंगामांहून जास्त लागतात. मंगळवारी रात्री पावसात सामना, शनिवारी पुन्हा सामना, मध्ये बसचा प्रवास. फोर्ड शेवटी ज्या पायरीवर खेळत होता, तिथं दक्षिणेचं प्लिमथ होतं आणि उत्तरेचं कार्लाइलही. दोन्ही गावांत सहाशे किलोमीटरच्या वर अंतर.

फोर्डचा जन्म १९५९ सालचा, ग्रिम्सबी या बंदरातला. एकेकाळी जगातल्या सर्वांत मोठ्या मासेमारी बंदरांत त्याची गणना होई. गावच्या संघाचं टोपणनाव 'मरिनर्स', म्हणजे दर्यावर्दी. गंमत म्हणजे संघाचं मैदान ब्लंडेल पार्क ग्रिम्सबीत नाहीच. ते शेजारच्या क्लीथॉर्प्समध्ये आहे. त्यामुळे हा संघ आयुष्यभर परगावीच खेळतो, असं तिथले लोक हसत सांगतात. १९७५ च्या ऑक्टोबरात सोळा वर्षांचा फोर्ड या संघाकडून पहिल्यांदा मैदानात उतरला. त्याच महिन्यात आइसलँडनं आपली सागरी हद्द २०० मैलांपर्यंत वाढवली. कॉड माशांवरून दोन देशांत तंटा पेटला, ब्रिटिश नौदलाच्या आणि आइसलँडच्या बोटी एकमेकींना धडकल्या. १९७६ च्या जूनमध्ये तडजोड झाली तेव्हा ग्रिम्सबीच्या ट्रॉलरांचं पाणीच हिरावलं गेलं होतं. पोरगा खेळू लागला आणि गावाचा धंदा बसू लागला, असा तो योग.

पण संघ मात्र वर चढला. १९७९ साली चौथ्या वर्गातून तिसऱ्यात, १९८० साली तिसऱ्याचं विजेतेपद मिळवून दुसऱ्यात. उजव्या बाजूनं पळणारा फोर्ड त्या दोन्ही चढणींत होता. गावात बेकारी वाढत असताना शनिवारच्या दुपारी लोकांना दुसरं काय हवं असतं?

पुढची त्याची वाटचाल नकाशावर बोट ठेवून पाहावी. स्टोक म्हणजे चिनी मातीच्या भांड्यांचं गाव. वेस्ट ब्रॉमविच लोखंडाचं. पुन्हा ग्रिम्सबी, मासळीचं. स्कन्थॉर्प पोलादाचं, बॅरो जहाजबांधणीचं, मॅन्सफिल्ड कोळशाच्या खाणींचं. शेवटी रॉचडेल, सुताचं आणि कापडाचं. सहकाराचं पाठ्यपुस्तक वाचलेल्या आपल्याकडच्या मंडळींना हे नाव परकं नाही. १८४४ साली तिथल्या विणकरांनी आणि कारागिरांनी दुकान काढलं आणि जगाला सहकाराची वाट दाखवली, ते हेच रॉचडेल. फोर्डचे क्लब ओळीनं वाचले, की जुन्या इंग्लंडच्या कारखान्यांची यादी वाचल्यासारखं वाटतं. यातले कितीतरी कारखाने त्याच्या डोळ्यांदेखत थंडावले. फुटबॉलचा संघ तेवढा उरला.

१९८९ साली इंग्लंडच्या 'ब' संघात त्याची निवड झाली. त्या दौऱ्यात आइसलँडही होतं. मुख्य संघाचं बोलावणं मात्र कधी आलं नाही. दारापर्यंत जाऊन परत फिरणं काय असतं, ते कवी संमेलनांच्या यादीबाहेर राहिलेल्या माणसाला मुद्दाम समजावून सांगावं लागत नाही.

आणखी एक गोष्ट सांगायला हवी. टोनी फोर्ड काळा आहे. तो खेळू लागला त्या काळात इंग्लंडच्या मैदानांवर काळ्या खेळाडूंच्या अंगावर केळी फेकली जात, गॅलरीतून माकडांचे आवाज निघत. वेस्ट ब्रॉमविचच्याच सिरील रेजिस, लॉरी कनिंगहॅम आणि ब्रेंडन बॅटसन या तिघांनी सत्तरच्या दशकाच्या अखेरीस ते सारं झेलून नाव काढलं. त्यांच्यानंतर काही वर्षांनी त्याच क्लबचा सदरा फोर्डच्या अंगावर आला. ज्या देशात जन्मलो, तिथंच 'तू कुठला?' असं विचारलं जाणं काय असतं? कार्यक्रमानंतर कुणी प्रेमानं पाठीवर हात ठेवून म्हणतं, "तुमचं मराठी किती छान आहे हो!" मी हसून आभार मानतो. माझी आई ओव्या म्हणत जात्यावर बसायची, हे त्यांना कुठं सांगत बसू? अशा वेळी मला वाटतं, उत्तर एकच. पुढच्या शनिवारी पुन्हा मैदानात उतरायचं.

पाय मंदावले तशी फोर्डनं जागा बदलली. पुढचा खेळाडू मधल्या फळीत आला, मधला उतारवयात बचावात गेला. मॅन्सफिल्डला तो खेळाडूही होता आणि सहायक व्यवस्थापकही. तिथंच १९९९ साली त्यानं टेरी पेन यांचा ८२४ सामन्यांचा विक्रम मागं टाकला. पेन १९६६ च्या विश्वविजेत्या चमूतले. फोर्डला २००० साली एमबीई हा किताब मिळाला. २००१ साली बेचाळिसाव्या वर्षी, रॉचडेलकडून खेळून तो थांबला. सोळाव्या वर्षापासून सव्वीस वर्षं.

यात नुसता गौरव पाहू नये. खालच्या वर्गात वर्षा-दोन वर्षांचे करार असतात. गुडघा गेला की चूल थंडावते. पुष्कळदा माणूस खेळत राहतो तो हौसेनं, तसाच गरजेनंही. पण गरजेनं केलेलं काम मन लावून करता येतं, हे आपण घरीच पाहिलेलं असतं.

इंग्रजीत खेळलेल्या सामन्याला 'अपिअरन्स' म्हणतात. मी त्याचं मराठी 'हजेरी' असं करतो. वर्तमानपत्रात कविसंमेलनाची बातमी येते, तेव्हा चार मोठी नावं छापून पुढं लिहितात, 'इतर कवींनीही हजेरी लावली.' गेली तीस वर्षं मी त्या 'इतर'मध्ये राहतो. पूर्वी राग यायचा.

आमचे अब्बा गिरणीत साचेवाले होते. जॉबर झाले नाहीत, मुकादम झाले नाहीत. कॉलेजात असताना मला त्याचं वैषम्य वाटायचं. मित्रांच्या वडिलांचे हुद्दे असत, माझ्या वडिलांची नुसती पाळी असे. गिरणीचा भोंगा कायमचा बंद झाला. अब्बा गेल्यावर आम्ही त्यांची ट्रंक उघडली, तर जुनी हजेरी कार्डं सुतळीनं बांधून ठेवलेली. वरच्या कार्डावर त्यांच्या मोडक्या अक्षरात दोनच शब्द होते : 'खाडा नाही.'

भाच्याला मी ते कार्ड दाखवलं. त्यानं उलटसुलट करून पाहिलं आणि विचारलं, "मामू, किती झाल्या असतील?"

आम्ही दोघं मोजायला बसलो आहोत. अजून बेरीज पुरी व्हायची आहे.

(आकाशवाणीवरील भाषणाचा संपादित भाग)