रॉयल ऑपेरा हाऊस : एका संगीतगृहाचे पुनरुज्जीवन

दक्षिण मुंबईतील ज्या परिसराला मुंबईकर ‘ऑपेरा हाऊस’ म्हणतात, त्याला हे नाव एका संगीतगृहावरून पडले. मॉरिस बँडमन व जहांगीर फ्रामजी कराका यांनी उभारलेल्या या वास्तूचे उद्घाटन १९११ मध्ये सम्राट पंचम जॉर्ज यांच्या हस्ते झाले. बांधकाम मात्र १९१२ मध्ये पूर्ण झाले. शैली युरोपीय बरोक असली तरी तपशिलांत भारतीय छटा आढळतात. छताची रचना विशेष लक्षणीय होय. ध्वनिवर्धक नसलेल्या त्या काळात सर्वांत वरच्या सज्ज्यातील श्रोत्यालाही गायकाचा प्रत्येक शब्द ऐकू यावा, अशा बेताने ते घडविले गेले.

पुढे बोलपटांचे युग आले आणि वास्तू चित्रपटगृह बनली. सोयीसाठी केलेल्या फेरबदलांत मूळ सौंदर्याची बरीच हानी झाली. १९५२ मध्ये ती गोंडलच्या महाराजांकडे आली. उत्पन्न घटत गेल्याने १९९३ मध्ये दारे बंद झाली. वारसा म्हणून मान्यता असली तरी बंद वास्तूचे छत गळायचे थांबत नाही. अखेर वास्तुसंवर्धक आभा नारायण लांबा यांच्या मार्गदर्शनाखाली जीर्णोद्धार झाला, २०१६ मध्ये रंगमंच पुन्हा खुला झाला आणि २०१७ मध्ये या कार्याला युनेस्कोचा आशिया-प्रशांत वारसा पुरस्कार लाभला.