संगीत थांबतं तेव्हा

कॉलेजात असताना फिल्म सोसायटीच्या एका खेळाला आम्ही इंगमार बर्गमनचा 'द सेव्हन्थ सील' पाहिला. बाहेर पडताना मित्रानं विचारलं, "याला संगीत होतं का रे?" मलाही चटकन सांगता येईना. मृत्यूशी बुद्धिबळ खेळणारा सरदार आठवत होता, समुद्र आठवत होता. सूर आठवत नव्हते. श्रेयनामावलीत मात्र संगीतकाराचं नाव होतं : एरिक नूर्डग्रेन.

नूर्डग्रेन यांचा जन्म 1913 सालचा, दक्षिण स्वीडनमधल्या स्कोने प्रांतातला. संगीताचं शिक्षण स्टॉकहोमला झालं. 1953 ते 1967 या काळात ते 'स्वेन्स्क फिल्मइंडस्ट्री' या मोठ्या चित्रसंस्थेच्या संगीत विभागाचे प्रमुख होते. म्हणजे नोकरीच. बर्गमनशी त्यांचं काम 1949च्या 'थर्स्ट'पासून सुरू झालं होतं. पुढे 'समर विथ मोनिका', 'स्माइल्स ऑफ अ समर नाइट', 'द सेव्हन्थ सील', 'वाइल्ड स्ट्रॉबेरीज', 'द व्हर्जिन स्प्रिंग'. ज्या चित्रपटांनी बर्गमनचं नाव जगभर नेलं, त्यांतल्या बहुतेकांचं संगीत नूर्डग्रेन यांचं आहे.

मग ते आठवत का नाही? काही वर्षांनी 'सेव्हन्थ सील' पुन्हा पाहिला, तेव्हा मी कान देऊन बसलो. सुरुवातीलाच पडद्यावर अंधार असताना एक दणदणीत सूर उठतो. ढग उजळतात, आभाळात एक पक्षी स्थिर तरंगताना दिसतो आणि संगीत गप्प होतं. मग बायबलमधलं ते वर्णन ऐकू येतं : सातवा शिक्का फोडला, तेव्हा स्वर्गात अर्धा तास शांतता पसरली. आधीचा तो सूर नसता, तर ही शांतता आपल्याला जाणवलीच नसती.

पुढे एका गावात फिरत्या नाटकमंडळींचं थट्टेचं गाणं चाललेलं असतं. तेवढ्यात प्लेगच्या भीतीनं स्वतःला चाबकाचे फटके मारत जाणाऱ्या लोकांची मिरवणूक येते. त्यांच्या तोंडी अंतिम न्यायाच्या दिवसाचं जुनं लॅटिन स्तोत्र असतं. एका गाण्याला दुसरं गाणं गिळून टाकतं. भीती दाखवायला वेगळा वाद्यमेळ लागत नाही. 'वाइल्ड स्ट्रॉबेरीज'मध्ये म्हातारा प्राध्यापक स्वप्नात ओसाड रस्त्यावर काटे नसलेलं घड्याळ पाहतो. तिथं संगीत जवळजवळ नाहीच. ऐकू येतात ते हृदयाचे ठोके.

आम्हा कवींना ही गोष्ट मुशायऱ्यात शिकायला मिळते. शायर पहिला मिसरा म्हणतो, पुन्हा म्हणतो आणि क्षणभर थांबतो. ते थांबणं शेराचाच भाग असतं. घाईनं दुसरा मिसरा म्हटला की शेर गेला. नूर्डग्रेन यांना कुठं थांबायचं, ते कळत होतं.

पण गोष्ट इथं संपत नाही. बर्गमन 1960च्या सुमारास लिहू लागला होता, की चित्रपटाचं सर्वांत जवळचं नातं संगीताशी आहे. दोन्ही बुद्धीला वळसा घालून थेट भावनेला भिडतात. हे मानलं, की पुढचा प्रश्न आपोआप येतो : मग चित्रपटाला आणखी संगीत हवं कशाला? 1959मध्ये त्यानं केबी लारेतेई या पियानोवादक स्त्रीशी लग्न केलं होतं. त्याच्या चित्रपटांत आता बाख येऊ लागला. 'थ्रू अ ग्लास डार्कली'त (1961) बाखचा एकटा चेलो आहे, तर 'विंटर लाइट'मध्ये (1963) चर्चमधली स्तोत्रं आणि ऑर्गन. मुद्दाम रचलेलं पार्श्वसंगीत मागे पडलं.

'द सायलेन्स' हाही 1963चाच. व्यवसायानं अनुवादक असलेली एक आजारी बाई परक्या देशातल्या हॉटेलात अडकली आहे. तिथली भाषा तिला कळत नाही. रेडिओवर बाख लागतो. म्हातारा वेटर आणि ती, दोघांनाही दोन गोष्टी समजतात : 'संगीत' हा शब्द आणि बाखचं नाव. रेडिओवरून बोलताना मला हा प्रसंग आठवल्याशिवाय राहत नाही.

आपण ज्याच्यासाठी वर्षानुवर्षं काम केलं, त्याला आपल्या कलेचीच गरज उरू नये, याचं एखाद्या कलावंताला काय वाटत असेल? नूर्डग्रेन यांच्या मनात काय होतं, ते मी सांगणार नाही. एवढं मात्र दिसतं, की ते काम करत राहिले. बर्गमनच्या 1964च्या 'ऑल दीज विमेन'साठी त्यांनी जुन्या संगीताची जुळणी करून दिली. यान त्रोएल या तरुण दिग्दर्शकाच्या पहिल्या मोठ्या चित्रपटाला (1966) त्यांनीच संगीत दिलं, आणि 1971च्या 'द एमिग्रंट्स'लाही. नापीक, दगडाळ जमीन सोडून अमेरिकेला निघालेल्या स्वीडिश शेतकऱ्यांची ती कहाणी. 1992मध्ये नूर्डग्रेन वारले.

मला असं वाटतं, की बर्गमनच्या पुढच्या शांततेत नूर्डग्रेन यांचाही वाटा आहे. कमी सुरांत भागतं, हे आधी त्यांनीच दाखवून दिलं होतं. कवितेतली एखादी आवडती ओळ खोडताना हात अडखळतो, तेव्हा मला त्यांची आठवण येते. मित्राच्या त्या प्रश्नाचं उत्तर आता देता येईल : संगीत होतं बाबा, आपल्याला शांतता ऐकू यावी, म्हणून ते वेळेवर बाजूला झालं होतं.