कागदांत जपलेली वाणी
(व्याख्यान)



१६२० मध्ये इंग्रज वसाहतकरी अमेरिकेच्या ज्या किनाऱ्यावर वस्तीस आले, तो आजच्या मॅसॅच्युसेट्स राज्यातील प्रदेश वाम्पानोग या मूळ रहिवाशांचा. त्यांची भाषा बोलणारा अखेरचा मनुष्य जाऊन शंभराहून अधिक वर्षे लोटली होती. ती भाषा पुन्हा कशी बोलली जाऊ लागली, हे अ‍ॅन मेकपीस या दिग्दर्शिकेने २०१० मधील ‘वुई स्टिल लिव्ह हिअर’ या माहितीपटात दाखविले आहे. ‘आम्ही अजून येथेच राहतो’ असा या नावाचा अर्थ.

जेसी लिटल डो बेअर्ड या त्याच जमातीतील समाजसेविका. १९९० च्या दशकाच्या आरंभी त्यांना वारंवार स्वप्ने पडत. त्यांत आपलीच माणसे न कळणाऱ्या बोलीत काही सांगत असत. त्यांनी एमआयटी या विख्यात संस्थेत केनेथ हेल या भाषाशास्त्रज्ञांकडे अध्ययन केले आणि २००० मध्ये पदव्युत्तर पदवी संपादन केली.

परंतु बोलणारा एकही उरला नसता भाषा शिकावी कोणाकडून? १६६३ मध्ये जॉन एलियट या धर्मोपदेशकाने स्थानिकांच्या साहाय्याने या भाषेत संपूर्ण बायबल छापले. अमेरिकेत छापलेले ते पहिले संपूर्ण बायबल. हेतू धर्मांतराचा होता. मात्र अक्षरे हाती येताच या लोकांनी आपली खरेदीखते, मृत्युपत्रे, तक्रारअर्ज स्वभाषेत लिहिले. ज्या कागदांनी जमिनी गेल्या, त्याच कागदांत भाषा राहिली! व्यापाऱ्याच्या घरी जुन्या चोपड्या रद्दीत घालताना हात थांबावा, असा हा प्रकार आहे. लिखितावरून उच्चार कळत नाहीत. ते जवळच्या भगिनी-भाषांशी ताडून ठरवावे लागले.

जमिनीवरील हक्क गमावला, हे सांगताना या भाषेत ‘मी पडलो’ अशा अर्थाचा शब्द येतो. जमीन गेली, म्हणजे उभे राहण्याचा आधारच गेला. इंग्रजी दस्तात तो केवळ व्यवहार होता. चित्रपटातील हा भाग विसरता येत नाही. एरवी अशा पटांत वेशभूषा आणि नृत्येच अधिक दिसतात, ही तक्रार रास्तच आहे.

बेअर्ड यांनी आपल्या कन्येशी जन्मापासून याच भाषेत संभाषण केले. शतकाहून अधिक काळानंतर या भाषेला मातृभाषा म्हणणारे ते पहिले बालक. मात्र भाषेचे वर्ग जमातीच्या लोकांपुरतेच ठेवण्यात आले. एकदा हातची गेलेली वस्तू परत येते, तेव्हा घरच्यांनी ती प्रथम आपल्या मुलांच्या हाती द्यावी, हे समजण्यासारखे आहे.

२०१६ मध्ये मॅशपी येथे याच भाषेतून शिकविणारी बालशाळा सुरू झाली.